कोर्टाचं नाटक लिहितोय: उसाची ट्रॉली, बीडचा ड्रायव्हर आणि एक साक्षीदार. कुठं कुठं चुकतोय?

तिसरी_घंटा (सांगली):

मंडळी, हौशी स्पर्धेसाठी दोन अंकी नाटक लिहायला घेतलंय, अख्खं कोर्टात घडणारं. पहिला खर्डा झालाय. वकिली आणि तांत्रिक दोन्ही बाजूंनी सोलून काढा. परीक्षकांनी सोलण्यापेक्षा ते बरं.

गोष्ट थोडक्यात. जानेवारी २०२५, गळीत हंगाम भरात. तासगाव रस्त्याला रात्री साडेदहाला दोन ट्रॉल्यांचा ट्रॅक्टर उभा आहे, मागच्या ट्रॉलीचं टायर फुटलंय. ड्रायव्हर बीड जिल्ह्यातला, चोविशीचा. तो मागं चार दगड लावतो, पाचट पसरतो, मालकाला फोन लावतो. मालक म्हणतो, "टायर घेऊन येतो, हलू नको." सव्वाअकराला जवळच्याच गावचा एक मुलगा मोटारसायकलवरून मागून धडकतो आणि जागीच जातो. माणसं जमतात, मोबाईल निघतात. ड्रायव्हर माराच्या भीतीनं उसात पळतो आणि सकाळी सातला आपण होऊन ठाण्यात हजर होतो. गावाचा निकाल तोवर लागलेला असतो: बाहेरचा आहे, प्यालेला असणार, नाहीतर पळाला कशाला?

फिर्यादी आणि मुख्य साक्षीदार एकच, गावातला दूध गोळा करणारा पिकअपवाला. त्याच्या पोटात एक गोष्ट आहे. धडकेच्या दहा मिनिटं आधी तो तिथनं गेला होता. पिकअप निघेना म्हणून दोन दगड त्यानंच बाजूला सारले आणि परत लावले नाहीत.

आता प्रश्न. मी सेशन्स कोर्ट दाखवलंय आणि गावातले पाच प्रतिष्ठित ज्यूरी म्हणून बसवलेत, म्हणजे पूर्वग्रह त्यांच्या चर्चेतनं बाहेर येईल. शेवटाकडं सरकारी वकील आरोपीला पिंजऱ्यात उभं करून असा उलटतपास घेतात की तो कोसळतो. तेवढ्यात मागून मालक ओरडतो, "गुन्हेगार मी आहे!" न्यायाधीश बाईंना रामशास्त्री प्रभुण्यांवर चार पानी स्वगत दिलंय. (त्यांचं गाव माहुली काय लांब नाही, साताऱ्याचे परीक्षक आले तर खूश होतील असा हिशेब.) आणि ट्रॉलीला रिफ्लेक्टर पट्टी होती की नव्हती, याचं प्रात्यक्षिक रंगमंचावरच बॅटरी मारून दाखवायचंय. जमेल?

उलटतपास:

गोष्ट दणकट आहे, कोर्ट मात्र हिंदी सिनेमातलं आहे.

ज्यूरी आधी उठवा. नानावटी प्रकरणात (नौदल अधिकाऱ्यानं बायकोच्या प्रियकराला गोळ्या घातल्या ते) ज्यूरीनं आठ विरुद्ध एक असं निर्दोष ठरवलं, हायकोर्टानं शिक्षा दिली, १९६१ मध्ये सुप्रीम कोर्टानं ती कायम केली. हे सगळ्यांच्या कानावर असतं, म्हणून ज्यूरी अजून आहे असं वाटत राहतं. १९७३ ची फौजदारी प्रक्रिया संहिता १ एप्रिल १९७४ ला लागू झाली, तिच्यात ज्यूरीला जागाच उरली नाही. २०२५ च्या सांगलीत पाच ज्यूरी बसवलेत तर प्रेक्षकांत एक जरी वकील असला तरी पहिल्या अंकातच हसेल.

सेशन्सही नको. घटना १ जुलै २०२४ नंतरची, म्हणजे भारतीय न्याय संहिता. निष्काळजीपणानं मृत्यू, कलम १०६(१), पाच वर्षांपर्यंत शिक्षा. जुन्या दंड संहितेच्या ३०४-अ मध्ये दोनच वर्षं होती. हा खटला प्रथम वर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांपुढं चालतो. अपघात करून पळाल्याबद्दल दहा वर्षं सांगणारं १०६(२) कायद्याच्या पुस्तकात छापलेलं आहे, पण कायदा लागू करताना तेवढं पोटकलम वगळलं गेलं. तुमच्या सरकारी वकिलांच्या तोंडी ते असेल तर काढा. आणि एक बारीक खोच: चार्जशीटमध्ये सवयीनं २८१, म्हणजे भरधाव गाडी चालवणं, टाकलेलं दाखवा. ट्रॉली उभी होती. उभी गाडी भरधाव कशी? बचावाच्या वकिलाला पहिल्याच प्रवेशात हातात काहीतरी मिळतं, आणि तपास ठरीव साच्यात झालाय हे न बोलता कळतं. लागू पडायचं कलम २८५, सार्वजनिक रस्त्यावर अडथळा.

घटनास्थळ तासगाव तालुक्यात गेलं तर खटला तासगावच्या कोर्टात चालेल. सांगलीतलं विजयनगरचं कोर्ट दाखवायचं असेल तर गाव मिरज तालुक्यात, सांगलीच्या हद्दीत ठेवा.

हातोडा नाही. गीतेवर हात नाही. १९६९ च्या शपथ कायद्याप्रमाणं देवाची शपथ किंवा नुसती प्रतिज्ञा, उभ्या उभ्या. मिलॉर्ड नाही, "मॅडम" पुरे. काळा कोट आणि पांढरा बँड हवा, गाऊन खालच्या कोर्टात सक्तीचा नाही. जानेवारीच्या घटनेची साक्ष खरं तर वर्ष-दोन वर्षांनी होते, तेव्हा तारखेचा फलक बदला. पुकारा मात्र खणखणीत घ्या, शिपाई दारात उभा राहून तीनदा नाव घेतो. नाटकासाठी इतकी आयती एंट्री दुसरी नाही.

तुमचा कळसाचा प्रवेश कायद्यात बसत नाही. आरोपीला साक्षीदाराच्या पिंजऱ्यात ओढून उलटतपास घेता येत नाही. फिर्यादी पक्षाचा पुरावा संपला की न्यायाधीश त्याला स्वतः प्रश्न विचारतात, नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ३५१ (ही जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आली; कोर्टात अजून सगळे जुन्या आकड्यानं "३१३ चा जबाब" म्हणतात). त्यात शपथ नाही, सरकारी वकिलांचा प्रश्न नाही, आणि गप्प बसला म्हणून शिक्षा नाही. त्यानं स्वतः लेखी मागणी केली तरच, कलम ३५३ खाली, तो शपथेवर साक्ष देऊ शकतो, आणि मग उलटतपास होतो. म्हणजे कोसळायला त्याला आधी अर्ज द्यावा लागेल. "नको देऊ" म्हणणारा वकील आणि "मला सांगायचंय" म्हणणारा पोरगा, हा प्रवेश तुमच्या किंचाळण्यापेक्षा भारी होईल.

मालकाचं आणि साक्षीदाराचं पुढच्या पोस्टमध्ये लिहितो, ते लांबेल.

मोजपट्टी:

तोवर अपघाताचं गणित घ्या. नाटकात "वेगात होता", "दिसलंच नाही" अशी वाक्यं नुसती हवेत फिरतायत.

ताशी ६० म्हणजे सेकंदाला १६.७ मीटर. समोर काहीतरी आहे हे कळून ब्रेकवर बोट जाईपर्यंत दीड सेकंद धरा, म्हणजे २५ मीटर तसेच गेले. कोरड्या डांबरावर नीट ब्रेक लागला तर पुढं आणखी साधारण २३. एकूण ४८ मीटर. डिप्परवर काळी, न चमकणारी वस्तू साधारण ३०-४० मीटरवरनं दिसते, समोरून गाडी येत असेल तर त्याहून कमी. म्हणजे ६० ला तो मुलगा थांबू शकत नव्हता. आता हेच ४० च्या वेगाला करा: १७ मीटर अधिक १०, म्हणजे २७. थांबला असता. मेलेल्या पोराचा वेग हा गावात कुणी उच्चारणार नाही असा विषय आहे, आणि तुमच्या खर्ड्यातही तो कुणी उच्चारलेला नाही. फौजदारीत त्याच्या चुकीनं ड्रायव्हरची चूक आपोआप पुसली जात नाही. नुकसानभरपाईच्या दाव्यात, मोटार अपघात न्यायाधिकरणात, मात्र दोघांच्या चुकीची टक्केवारी काढतात. तो दावा वेगळा, कोर्ट वेगळं, दोन्हीची सरमिसळ करू नका.

पंचनाम्यात "ब्रेकचे व्रण दिसून आले नाहीत" असं वाक्य टाका. सरकारी वकील म्हणतील, बघा, त्याला ट्रॉली दिसलीच नाही. बचाव म्हणेल, बघत कुठं होता? १२५ सीसीच्या वरची नवी मोटारसायकल असेल तर एबीएस असतो, चाक लॉक होत नाही, मग व्रण ठळक उमटतही नाहीत. एका वाक्याचे तीन अर्थ, तिन्ही खरे वाटणारे.

आता तुमचे दगड. त्यावरच नाटक उभं आहे म्हणून नीट मोजा. पंचनाम्यात लिहा: ट्रॉलीच्या मागे ११ फुटांवर दोन दगड, डांबरी कडेच्या बाहेर दोन दगड, मातीत ओढल्याची ताजी खूण. पिकअपवाला काही बोलायच्या आधी कागद बोललाय. बचावाच्या वकिलाला दगड सारल्याचं कसं कळलं, या प्रश्नाचं उत्तरही हेच. पण खरी मेख पुढं आहे. ११ फूट म्हणजे सव्वातीन मीटर. थांबायला लागतात ४८. दगडही काळे, पाचट रात्री डांबरापेक्षा जरा फिकट एवढंच. चारही दगड जागेवर असते तरी मुलगा आधी दगडावर आणि मग ट्रॉलीवर गेला असता. म्हणजे पिकअपवाला ज्या अपराधानं आतल्या आत जळतोय, त्यानं हिशेबात काहीच बदललं नसतं. ड्रायव्हरनं जे प्रामाणिकपणे केलं, त्याचाही उपयोग शून्य होता. हे दोघांनाही शेवटपर्यंत कळू द्यायचं की नाही, ते तुम्ही ठरवा. माझं मत, प्रेक्षकाला कळावं, पिकअपवाल्याला कळू नये.

दारूचं बघा. धडक सव्वाअकराला, रक्त घेतलं सकाळी साडेसातनंतर. कायद्याची मर्यादा १०० मिलिलिटर रक्तात ३० मिलिग्रॅम. शरीरातनं दारू उतरते ताशी साधारण १५ मिलिग्रॅम, आठ तासांत १२०. सीए रिपोर्ट, म्हणजे सरकारी रासायनिक तपासणीचा अहवाल, "अल्कोहोल आढळले नाही" असा आला तरी तो रात्री प्यालेला नव्हता हे त्यातनं निघत नाही. प्यालेला होता हे तर मुळीच निघत नाही. पूर्वग्रह दाखवायला ज्यूरी कशाला हवी? कोरा रिपोर्ट पुढं ठेवा आणि सरकारी वकिलांना म्हणू द्या, "उतरली असेल." कोरा कागदसुद्धा त्याच्या विरुद्धच वाचला जातो. रिपोर्ट संशयास्पद करायचा असेल तर सुई टोचायच्या आधी स्पिरिटचा बोळा फिरवला, किंवा बाटलीत सोडियम फ्लोराईड नव्हतं आणि नमुना उन्हात पडून आंबला, ही खरी कारणं आहेत. "रिपोर्ट बदलला" हे लेखकाचं आळशी कारण.

पडद्यामागे:

प्रात्यक्षिक जमणार नाही. कारण ऐका.

रिफ्लेक्टर पट्टी आरशासारखी नसते. प्रकाश जिकडून आला तिकडेच ती परत फेकते, दिव्यापाशी. नट रंगमंचावर बॅटरी मारणार, चमक त्याच्या डोळ्यांना दिसणार, आणि अकराव्या रांगेत बसलेल्या माणसाला मळका तांबडा पट्टा. वरच्या बारवरच्या स्पॉटनंही तेच. मधल्या वाटेत डोक्याच्या उंचीवर दिवा ठेवलात तर त्याच्या आसपासच्या दहाबारा जणांना लख्ख दिसेल, बाकीचे विचारतील काय झालं. भावे नाट्यमंदिर असो की साताऱ्याचं शाहू कलामंदिर, प्रकाशाचा नियम तोच.

पण हा दोषच वापरा ना. पिकअपवाला साक्षीत म्हणतो, "मी गेलो तेव्हा ट्रॉलीला पट्टी नव्हती." तो समोरून आला होता की मागून? दगड सारायला खाली उतरला तेव्हा त्याचा हेडलाईट कुठं होता आणि तो स्वतः कुठं उभा होता? दिव्यापासून चार पावलं बाजूला उभ्या माणसाला असलेली पट्टीही विझलेली दिसते. मोबाईलचंही तसंच, फ्लॅश लेन्सच्या शेजारी असतो म्हणून फ्लॅश मारून काढलेल्या फोटोत पट्टी पेटते, फ्लॅशशिवाय काढलेल्या व्हिडिओत नाही. एकच ट्रॉली, दोन फोटो, दोन सत्यं. वकिलानं दोन प्रिंट टेबलावर शेजारी शेजारी ठेवायच्या, बस. बॅटरीची गरज नाही. (पट्टीवर चिखलाचा थर असेल तर ती कुठूनच पेटत नाही, हे तिसरं उत्तर हाताशी ठेवा.)

सेटचं. खऱ्या कोर्टात डायस, म्हणजे न्यायाधीशांचा चौथरा, समोर असतो आणि वकील त्याच्याकडं तोंड करून. जसंच्या तसं मांडलंत तर दोन अंक वकिलांच्या पाठी बघायच्या. रंगमंच ३० फूट रुंद धरू. डायस मागच्या डाव्या कोपऱ्यात ४५ अंशात फिरवा, ६ बाय ४ फुटांच्या दोन लेव्हल (लाकडी चौथरे), उंची १८ इंच. त्याहून उंच केलात तर बाई देवळातल्या मूर्तीसारख्या दिसतील आणि वरच्या झालरीत डोकं जाईल. साक्षीदाराचा पिंजरा पुढं उजवीकडं, कठड्याला तिन्ही बाजूंनी गज नकोत, एकच आडवा रूळ पुरे, नाहीतर नटाचे हात झाकतात आणि या साक्षीदाराचं सगळं काम हातांत आहे. आरोपी मागं, दाराजवळच्या बाकावर, बाजूला पोलीस. वकिलांचं टेबल मधोमध पण तिरपं. डायसखाली स्टेनो, तिचं तोंड प्रेक्षकांकडं.

स्टेनोला विसरू नका. तिच्या कीबोर्डचा आवाज हे तुमचं पार्श्वसंगीत. आजचे चपटे कीबोर्ड तिसऱ्या रांगेपलीकडं ऐकू जात नाहीत. जुना उंच बटणांचा आणा, टेबलाखाली माईक लावा आणि त्याच्याखाली फोमचा तुकडा द्या, नाहीतर लेव्हलवरची प्रत्येक पावलाची धपधप स्पीकरमधून येईल. कुठं टकटक चालू आणि कुठं बंद, हे संहितेतच लिहा.

उलटतपास:

वरच्या शेवटच्या वाक्याला माझं अनुमोदन, आणि तिथूनच पुढं जातो.

आपल्याकडं साक्षीदार बोलतो ते जसंच्या तसं टाईप होत नाही. प्रश्न आणि उत्तर मिळून न्यायाधीश एक कथन सांगतात, स्टेनो ते उतरवून घेते. साक्षीदार म्हणतो, "पट्टी काय दिसली न्हाई बघा मला, म्हंजे मी दगडाकडंच बघत हुतो, दुधाला उशीर झालता." बाई सांगतात: "ट्रॉलीस मागील बाजूस रिफ्लेक्टर नव्हता." टकटक, टकटक. अर्धं वाक्य हवेत राहिलं. बाईंनी मुद्दाम केलेलं नाही. त्यांना पस्तीसावी तारीख उरकायची आहे, आणि ट्रॉल्यांना रिफ्लेक्टर नसतातच हे त्यांच्या मनानं आधीच धरलंय, कारण त्या स्वतः रोज मिरज रस्त्यानं ट्रॉल्यांच्या मागून येतात. तुमच्या नाटकातला पूर्वग्रह हा इथं आहे. नारायणराव पेशव्यांच्या खुनाच्या गोष्टीत "ध" चा "मा" झाला असं आपण ऐकत आलो; इथं एक अक्षरही खोडलेलं नाही, फक्त एक वाक्य आलेलं नाही. म्हणून ते रामशास्त्रींचं स्वगत काढा. रामशास्त्रींनी भाषण केलं नाही, प्रायश्चित्त सांगितलं आणि पुणं सोडलं. चार पानी भाषण देणं हा त्यांच्यावरच अन्याय.

या क्षणी बचावाच्या वकिलानं उठायचं. ओरडायचं नाही. "मॅडम, साक्षीदार पुढंही काही बोललाय, तेही रेकॉर्डवर घ्यावं." बस. बाई थांबतात, टकटक थांबते. चांगल्या दिग्दर्शकाला इथं एक मिनिट मिळतं.

न्यायाधीशांनी स्वतःच्या माहितीवर निकाल द्यायचा नसतो. जागा बघायचीच असेल तर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३४७ खाली, दोन्ही पक्षांना कळवून स्थळपाहणी, आणि काय पाहिलं त्याची टिपणी फाईलला. दुसऱ्या अंकात बाई रात्री एकट्याच तिथं जाऊन बघून येतात, असं तुम्ही लिहिलंय. ठेवा, पण मग त्या अडचणीत आहेत हे त्यांनाही कळलं पाहिजे. डोळ्यांनी पाहिलं ते वापरता येत नाही, विसरताही येत नाही. पक्षपाताच्या शंकेवरून खटला दुसऱ्या कोर्टात वर्ग करायचा अर्ज सेशन्स न्यायाधीशांकडं जातो, कलम ४४८. वकिलाला त्या रात्रीचं कळलं तर तो अर्ज करेल का? बाईंचा कल आता आरोपीच्या बाजूला झुकलाय असं त्याला वाटत असेल तर? त्याचीही परीक्षा बघा जरा.

मालक. ओरडून कोणी आरोपी होत नाही. चालू खटल्यात पुराव्यातनं आणखी कुणाचा गुन्हा दिसला तर कलम ३५८ खाली (जुनं ३१९) कोर्ट त्याला बोलावू शकतं. बचावाच्या वकिलानं तसा अर्ज द्यायचा. पण १९६४ चा रंगवाला खटला आडवा येतो. मुंबईच्या रंगाच्या कारखान्यात आग लागून कामगार मेले. नियम मोडून भट्टी लावली होती, तरी मृत्यूचं थेट आणि निकटचं कारण ते नव्हतं, असं म्हणून सुप्रीम कोर्टानं ३०४-अ मधून सोडलं आणि आगीबाबतच्या निष्काळजीपणाची शिक्षा तेवढी ठेवली. ट्रॉली मालकाची, पट्टी न लावणं त्याचं, पाऊण तास टायर न आणणं त्याचं, उचल देऊन पोराला रात्रीच्या खेपेला जुंपणं त्याचं किंवा मुकादमाचं. यातलं मृत्यूचं निकट कारण कोणतं? सदोष ट्रॉली रस्त्यावर आणू दिली म्हणून मोटार वाहन कायद्याच्या १९० खाली मालकाला बहुधा दंडच होतो (अपघात झाला असेल तर तीन महिन्यांपर्यंत कैदही कागदावर आहे). दंड. तो पावती खिशात घालून बाहेर पडतो, हे दाखवा. "गुन्हेगार मी आहे" म्हणणारा मालक मात्र पटत नाही.

पिकअपवाल्याचा उलटतपास. "उत्तर दिलं तर मी अडकेन" म्हणून त्याला गप्प बसता येत नाही, साक्ष अधिनियमाचं कलम १३७. पण कोर्टानं भाग पाडून घेतलेलं ते उत्तर त्याच्यावर खटला भरायला वापरता येत नाही, खोट्या साक्षीचा खटला सोडून. हे संरक्षण त्याला बाईंनी समजावून सांगायचं. म्हणजे शिक्षेची भीती काढून घेतली. आता खरं बोलण्याला अडवणारं काय उरलं? गाव. मागच्या बाकावर मुलाचा बाप बसलाय.

पोलीस जबाबात त्यानं दगडाचा उल्लेख केलेला नाही, तर ते वगळणं आधी त्याच्या तोंडून आणि मग तपासी अधिकाऱ्याच्या तोंडून सिद्ध करावं लागतं. कोर्टाच्या मराठीत ते वाक्य ठरलेलं आहे: "सदरचा मजकूर माझ्या पोलीस जबाबात का नमूद नाही, याचे कारण मला सांगता येणार नाही." हे वाक्य रोज शेकडो साक्षीदारांच्या नावावर चढतं. तुमच्या साक्षीदाराला कारण नेमकं सांगता येतंय, तेव्हा बाईंनी सवयीनं हेच वाक्य सांगायला सुरुवात करू द्या आणि त्यानं मधेच म्हणू द्या, "न्हाई मॅडम, सांगता येतंय."

कृष्णाकाठ:

ते "सांगता येतंय" जबरी आहे.

भाषेचं थोडं. खर्ड्यात ड्रायव्हर आणि पिकअपवाला एकच गावरान बोलतात. पिकअपवाला आपल्याकडचा: "न्हाई, हुतं, तवा, कशापायी." ड्रायव्हर बीडचा, तो "कामून" म्हणेल, "म्या" म्हणेल. जास्त मीठ टाकू नका, वाक्याला एखादा शब्द. पण हा फरक कोर्टात ऐकू आला पाहिजे. शिपाई त्याचं नाव पुकारताना गावाचं नाव जरा जास्तच लांबवतो, एवढ्यानंही काम होईल.

पळून जाणं हा आपोआप गुन्ह्याचा पुरावा नाही, हे वकील सांगतीलच. मला वाटतं ते ड्रायव्हरनं ३५१ च्या जबाबात सांगावं. "का पळालास?" "माणसं आली म्हून." पुढं काही नको.

मोबाईलवाल्यांकडं कुणाचं लक्ष नाही का? व्हिडिओ काढणारे सगळे गावचे. जखमीला दवाखान्यात नेणाऱ्याला मोटार वाहन कायद्याच्या १३४-अ नं २०१९ पासून संरक्षण दिलंय, तरी एकानंही हात लावला नाही. खर्ड्यात मुलगा जागीच गेला असं आहे. ते कुणी ठरवलं?

मोजपट्टी:

@कृष्णाकाठ, बरोबर बोट ठेवलंत. "जागीच ठार" हे फिर्यादीतलं वाक्य असू दे आणि शवविच्छेदनात दुसरंच निघू दे. व्हिडिओ पुराव्यात आणायचा तर साक्ष अधिनियमाच्या ६३(४) चं प्रमाणपत्र लागतं, दोन भागांत, एक मोबाईलवाल्याचं आणि एक तज्ज्ञाचं, हॅश व्हॅल्यूसकट (फाईल बदललेली नाही हे दाखवणारा आकडा). प्रमाणपत्र द्यायचं तर "हा व्हिडिओ मी काढला" म्हणून पुढं यावं लागतं. व्हिडिओ अख्ख्या गावाच्या फोनवर आहे, काढणारा कुणीच नाही.

तिसरी_घंटा:

अरे बापरे. दुसरा अंक पुन्हा लिहायला घेतला. ज्यूरी, हातोडा, रामशास्त्री, मालकाची आरोळी, चौघांना रजा दिली. निकाल दाखवावा का? दोषी ठरला तर "हायकोर्टात मुंबईला जाऊ" असं वकिलाचं वाक्य आहे.

उलटतपास:

दंडाधिकाऱ्यांनी शिक्षा दिली तर अपील सेशन्सला, त्याच आवारात. त्यानंतर हायकोर्ट, आणि सांगलीसाठी ते १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच. मुंबई काढा.

निकाल दाखवू नका असं मी म्हणत नाही, पण साक्ष संपते तिथंही पडदा पाडता येतो. साक्ष टाईप होऊन झाली की ती साक्षीदाराला वाचून दाखवतात, बरोबर आहे म्हटलं की तो सही करतो. ते वाचन पूर्ण घ्या, कापू नका.

तिसरी_घंटा:

ते वाचन असं लिहिलंय, बघा:

"मी शपथेवर सांगतो की, घटनेच्या रात्री मी दूध घेऊन जात होतो. रस्त्यात ट्रॅक्टर उभा होता. हे म्हणणे खरे आहे की, माझे वाहन काढण्यासाठी मी दोन दगड बाजूला सारले. हे म्हणणे खरे आहे की, ते मी परत लावले नाहीत. ट्रॉलीस मागील बाजूस रिफ्लेक्टर नव्हता. हे म्हणणे खरे नाही की, आरोपी परगावचा असल्याने मी त्याच्याविरुद्ध खोटी साक्ष देत आहे."

यावर तो सही करतो, अंधार.

उलटतपास:

एवढ्या सगळ्या उलटतपासानंतरही तुम्ही "नव्हता" लिहिलंत. "मला दिसला नाही" करा. आणि सहीला पेन त्याच्याकडं नसू दे, शिपायाकडून घेईल.